एकेचाळीस नंबरची बरणी

बेबीताई चालता चालता, खाली न बघता, खडूच्या खुणेवर बरोबर थांबायच्या. गोदामाच्या फरशीवर पोती कुठे ठेवायची, काटा कुठे मांडायचा, हमालांनी कुठून वळायचं, याच्या खुणा त्या स्वतः वाकून काढायच्या. नंतर दिवसभर त्या खुणांवरून अशा फिरायच्या की पायांना डोळे फुटलेत की काय असं वाटावं. सुरुवातीच्या दिवसांत आम्ही पोरं गंमत म्हणून एखादी खूण पुसून वीतभर पलीकडे काढायचो. ताई यायच्या, जुन्या जागीच थांबायच्या आणि मान वर न करता विचारायच्या, "खूण कोणी हलवली?" मग आम्ही सगळेच हळदीची पोती मोजायला लागायचो.

एकदा मी विचारलंच, हे शिकलात कुठं? त्या म्हणाल्या, "सहा वर्षांची असताना. खुणेवर नाही थांबलं तर दिवा तोंडावर येत नाही. मग सगळ्यांना सगळं परत करावं लागतं, आणि ते सगळे त्या पोरीकडे बघत राहतात."

ती पोरगी म्हणजे त्याच. मुंबईत एका शिंप्याच्या पोटी जन्मल्या. वडील सिनेमावाल्यांचे कपडे शिवायचे. डबा द्यायला आईबरोबर गेलेली ही गोबरी पोरगी कुणाच्या तरी नजरेत भरली आणि पाच सिनेमांत झळकली. नावाआधी 'बेबी' लागलं. वयाच्या दहाव्या वर्षी पुढचे दोन दात जरा मोठे आले, उंची वाढली, आणि काम थांबलं. पुढे शिक्षण झालं, लग्न झालं, आणि नवऱ्याच्या नोकरीमुळे त्या आमच्या सेनगावात आल्या त्या इथल्याच झाल्या. नवरा शेतकी खात्यात होता, सासरची हळद होती. पन्नाशी ओलांडली, केस पांढरे झाले, नवरा गेला, तरी सगळा तालुका त्यांना बेबीताईच म्हणायचा. सह्या मात्र त्या पूर्ण नावाने करायच्या, आणि ते नाव वाचून लोक विचारायचे, या कोण?

बायकांची शेतकरी कंपनी काढायचं त्यांनी मनावर घेतलं तेव्हा त्यांचा पहिला नोकर मी होतो. नोकर म्हणजे कारकून, ड्रायव्हर, भाषणाच्या आधी माईक ठोकून बघणारा, सगळंच. आमची हळद व्यापारी पाडून मागतात. ती आपणच गोळा करून, तपासून, थेट मसाला कंपनीला द्यायची, असा बेत. त्यासाठी गावोगावच्या बायकांनी भागधारक व्हायला हवं. आम्ही जीपमधून फिरायला लागलो. ताई फळ्यावर छान समजावून सांगायच्या. बायका पदराआडून नुसत्या बघत बसायच्या.

मग जवळा बाजारला माझ्या आजोळच्या गल्लीत एक म्हातारी उठली. ताईंच्या जवळ गेली, त्यांची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवलं आणि ओरडली, "आगं बाई, ही तर ती रडणारी पोरगी! तंबूत आल्ता सिनेमा. आमी तीन डाव पाहिला!" झालं. हरवलेली पोर आईला शोधत बाजारातून रडत फिरते, तो प्रसंग त्या पिढीतल्या सगळ्या बायकांना पाठ होता. माझ्या आईनंही तो लग्नाआधी तिथंच पाहिला होता आणि घरी येऊन जेवली नव्हती. त्या दिवशी त्या एका गल्लीत जेवढ्या बायकांनी नावं लिहून दिली, तेवढी आम्हाला आधीच्या महिन्याभरात मिळाली नव्हती. ताईंना ते फारसं आवडलं नाही. परत येताना म्हणाल्या, "प्रल्हादराव, मी हळदीचं सांगितलं आणि त्यांनी त्या पोरीला नावं दिली." पण मला युक्ती सापडली होती. पुढच्या गावापासून मी माईकवर आधी सिनेमाचंच नाव घ्यायला लागलो. ताई एकदाच म्हणाल्या, "त्या पोरीला आता घरी जाऊ द्या." मी हसण्यावारी नेलं. माझी पहिली चूक ती.

कंपनी उभी राहिली. ताईंचं एक वाक्य आमच्या सगळ्यांच्या तोंडी बसलं होतं, "इथं रिटेक नाही." ट्रक गेला की गेला. म्हणून तपासणीवर त्यांचा जीव. आमच्याकडे हळद शिजवतात, वाळवतात आणि मग ड्रममध्ये फिरवून चकचकीत करतात. त्या ड्रममध्ये काही जण पिवळ्या पावडरीची पुडी सोडतात, म्हणजे हळद नव्या नवरीसारखी दिसते. करणाऱ्याला त्यात वावगं वाटत नाही. तो म्हणतो, चमक आणली. खाणाऱ्याच्या पोटात मात्र ते विष जातं. ताईंचा नियम असा की प्रत्येक बाईचा माल आला की पोत्याची शिवण उसवायची, तळातली, मधली आणि वरची अशी मूठ मूठ हळद काढायची, आणि ओल्या पांढऱ्या फडक्यावर घासायची. खरी हळद फिकट डाग सोडते, रंगवलेली भडक. मग त्यातलीच हळद काचेच्या छोट्या बरणीत भरायची, वर नंबर नि नाव लिहायचं, आणि बरणी फळीवर. त्यानंतरच सगळ्यांचा माल एकत्र करायचा. नमुने काढायचं काम त्यांनी माझ्यावर सोपवलं होतं. "दुसऱ्या कुणाचा हात मला चालणार नाही," असं त्या पाहुण्यांसमोर सांगायच्या, आणि मी मान खाली घालून जमेल तेवढा विनयी दिसायचा प्रयत्न करायचो.

ताई रडत नसत. नवरा गेला त्या दिवशी अंगणात अर्धं सेनगाव जमलं होतं, आणि या कोरड्या डोळ्यांनी आल्या-गेल्याला पाणी विचारत होत्या. बायका कुजबुजल्या. मला त्याचं कारण पुढे कळलं. औंढ्याच्या अलीकडे जीपचा पट्टा तुटला आणि आम्ही दोन तास बाभळीखाली बसलो होतो. तेव्हा त्यांनी आपण होऊन सांगितलं. त्या बाजारातल्या प्रसंगाच्या दिवशी त्यांना रडूच येत नव्हतं. दिग्दर्शकानं आईला पडद्यामागे उभं केलं आणि पोरीला सांगितलं, तुझी आई तुला टाकून गेली, आता ती येणार नाही. "मी रडले. खूप रडले. ते झाल्यावर आई पडद्यामागून बाहेर आली. सगळे टाळ्या वाजवत होते. आईसुद्धा वाजवत होती."  ताई बाभळीचा एक काटा उचलून मोडत बसल्या. "पुढच्या सिनेमात मला फसवायची गरज पडली नाही. तेच आठवायचं नि रडायचं. तेव्हापासून चारचौघांत रडायची भीती वाटते, प्रल्हादराव. खरं का खोटं, माझं मलाच कळायचं नाही. लोकांना तरी कसं कळणार?" हे त्यांनी आणखी कुणाला सांगितलं होतं असं मला वाटत नाही.

आता मामाचं सांगतो. सांगायचं टाळत होतो, म्हणून एवढा वेळ खुणा आणि सिनेमा चालला.

माझी शाळा मामाच्या घरी झाली. मामीनं मला तिच्या लेकरांच्या आधी वाढलं आहे. मामी कंपनीची भागधारक. त्या वर्षी त्यांचा माल टेम्पोत घालून मामा स्वतः आला. संध्याकाळ होत आली होती, हमाल घाई करत होते. मी सुरी घेऊन पोत्याजवळ गेलो तसा मामा म्हणाला, "काहून रे पल्हाद? मामाचं पोतं उसवतो व्हय?"

"नियम हाय मामा. सगळ्यांचंच उसवतो."

"सगळ्यांचं उसव ना. मी सगळ्यांतला हाव का?" तो हसत होता, पण हमालांकडे बघत होता. त्याला लाज वाटत होती. मलाही वाटली. मी पोत्याच्या तोंडाशी नुसता हात फिरवला, शिवणीतून एक कांडी ओढून काढली, आणि "झालं" म्हटलं. मामानं माझ्या पाठीवर थाप मारली आणि चहाला नेलं.

चहाचा कप घेताना मी माझा हात पाहिला. तळवा भडक पिवळा झाला होता. बारा महिने हळदीत वावरणाऱ्या माणसाला तो पिवळा कसला हे सांगावं लागत नाही. मी नळावर जाऊन साबणानं हात धुतला. परत आलो तर मामा माझ्यासाठी बिस्किटं फोडून बसला होता. बरणी रिकामी होती, नंबर एकेचाळीस. शेजारची चाळीस नंबरची हळद माझ्या आईची होती, चांगली, घरची. ती मी एकेचाळीसच्या बरणीतही भरली, वर मामीचं नाव लिहिलं आणि फळीवर ठेवून दिली. या सगळ्याला पाच मिनिटंही लागली नसतील.

तीन आठवड्यांनी ट्रक परत आला. मसाला कंपनीच्या प्रयोगशाळेत रंग सापडला होता. पुढचा करार त्यांनी रद्द केला. ट्रक आवारात उभा राहिला आणि बायका कामं सोडून भोवती जमल्या. ताईंनी कुणालाच बोल लावला नाही. फळीवरच्या सगळ्या बरण्या त्यांनी खाली उतरवल्या, फरशीवर मांडी घातली, आणि एकेक उघडून फडक्यावर घासत बसल्या. सकाळपासून दुपारपर्यंत. मी त्यांना फडकी ओली करून देत होतो. चाळीस झाली, एकेचाळीस झाली. एकेचाळीसचा डाग फिकट आला, यायचाच होता. ताईंनी झाकण लावून ती बाजूला ठेवली. शेवटची बरणी झाल्यावर त्या बराच वेळ डागांच्या रांगेकडे बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "सगळ्या चांगल्या. मग चुकलं कुठं?" मी म्हणालो, "वाहतुकीत काही झालं असेल." हे वाक्य मी इतक्या सहज म्हटलं की मलाच पटलं.

पुढच्या आठवड्यात वार्षिक सभा होती. आवारात मंडप घातला होता. बायका झाडून आल्या होत्या, आणि या वेळी त्यांचे नवरेही. ताई माईकपुढे उभ्या राहिल्या. "माल परत आला तो माझ्यामुळे. माझ्या तपासणीत कुठंतरी भोक आहे. मी शोधते आहे, मला सापडत नाही. तुम्ही माझ्यावर विश्वास ठेवून..." आणि इथं त्यांचा आवाज गेला. त्यांचे खांदे हलायला लागले. पदर तोंडाला लावायचंही त्यांना सुचलं नाही. नवरा गेला तेव्हा न रडलेली बाई तीनशे माणसांसमोर लहान पोरीसारखी रडत होती.

 तेवढ्यात मागून एका भागधारकाचा नवरा ओरडला, "आली का बेबी मूळ धंद्यावर! ॲक्टिंग करून राहिली, ॲक्टिंग!" पुरुषांकडून हसू फुटलं, आणि मग, काय सांगू, काही बायकाही हसल्या. ज्या बायका सिनेमातल्या त्या रडण्यावर भाळून आल्या होत्या, त्याच.

व्यासपीठावर माझ्या शेजारी सोनाबाई बसल्या होत्या. तांड्यावरच्या, संचालक मंडळातल्या सगळ्यात वडीलधाऱ्या. त्यांच्या शब्दाला मान होता. त्या उठून दोन वाक्यं बोलल्या असत्या तर मंडप शांत झाला असता. त्या माझ्याकडे झुकल्या. "भाऊ, तुमी रोज त्यांच्या संगं राहता. बराबर सांगा. खरं रडून राहिल्या का ह्या?"

बाभळीखालची गोष्ट मला ठाऊक होती. बरणीची गोष्ट तर माझ्याशिवाय कुणालाच ठाऊक नव्हती. त्या मंडपात खरं काय ते सांगू शकणारा माणूस मी एकटाच होतो. मी म्हणालो, "काय सांगावं बाई."

सोनाबाई माझ्याकडे जरा वेळ बघत राहिल्या आणि मग मागे टेकून बसल्या. उठल्या नाहीत.

ताईंनी त्याच आठवड्यात व्यवस्थापकपदाचा राजीनामा दिला. संचालकांनी थांबवायचा फारसा आग्रह केला नाही. नवा माणूस कोण, असं विचारल्यावर ताईंनी माझं नाव सुचवलं. त्यांचे शब्द इतिवृत्तात मीच लिहून घेतले आहेत, "यांच्या हातून गेलेला एकही नमुना खोटा निघालेला नाही." पेन माझ्या हातात होतं. मी लिहिलं आणि पूर्णविराम दिला. त्या पुण्याला लेकीकडे राहायला गेल्या. जायच्या दिवशी मी त्यांच्या दोन पिशव्या हिंगोलीच्या स्टँडवर उचलून नेल्या. त्यांनी खिडकीतून तपासणीबद्दल चार सूचना केल्या. मी सगळ्याला हो म्हणालो.

मला कुणी सांगेल की तू मामाला वाचवलंस. तसंही नाही. मामाला कळलं असतं तर तो स्वतः मंडपात उभा राहिला असता. तसला माणूस होता तो. ड्रम फिरवणाऱ्या पॉलिशवाल्यानं पुडी सोडली तेव्हा यानं "टाक, चमक येते म्हणतात" एवढंच म्हटलं होतं. मामीची बरणी चांगली निघाली म्हणून त्याला शंकाही आली नाही, आणि ट्रक परत आला तो आपल्यामुळे, हे मी त्याला शेवटपर्यंत कळू दिलं नाही. मी वाचवलं ते मला. पुढे करार परत मिळाला, कंपनी सावरली, नवी इमारत झाली. लोक मला साहेब म्हणायला लागले. ताईंची पद्धत मी जशीच्या तशी चालू ठेवली, आणि आता आईच्या मालाचंही पोतं उसवतो. आई चिडते.

मामा गेल्यावर, चौदावा झाला तसा मी पुण्याची गाडी धरली. ताईंनीच दार उघडलं. बारीक झाल्या होत्या. चहा झाला, सोनाबाईंची चौकशी झाली, आणि मी खाली बघत सगळं सांगून टाकलं. मामा, तळवा, साबण, बरणी.

"एकेचाळीस," ताई म्हणाल्या. मी नंबर सांगितला नव्हता. "चाळीस आणि एकेचाळीसचे डाग हुबेहूब सारखे होते. मला वाटलं, भावाबहिणीचं बियाणं एकच असेल." मग त्या एकदम सरळ होऊन बसल्या. "म्हणजे पद्धत बरोबर होती?"

"हो."

"म्हणजे मी नव्हते चुकले?"

"नाही ताई."

आणि त्या हसल्या. इतक्या मोकळ्या हसल्या की आतून त्यांची लेक बघायला आली. "अहो, चार वर्षं! चार वर्षं मी अंथरुणावर पडल्या पडल्या ते गोदाम पुन्हा पुन्हा फिरते आहे. काटा, फळी, पोती. भोक सापडतच नाही." त्या शिव्या देतील, बाहेर काढतील, याची मी तयारी करून गेलो होतो. त्या आनंदानं हसतील याची नव्हती. मला तिथं बसवेना.

हसू ओसरल्यावर त्यांनी दोन्ही कप उचलून बाजूला ठेवले. "मामांचं मी समजू शकते," त्या म्हणाल्या. "बरणीचंही कदाचित समजेन. पण सोनाबाईंनी तुम्हाला विचारलं ते मी ऐकलं होतं. तुम्ही काय म्हणालात तेही ऐकलं. त्या हशात इतरांना कळलं नसेल, पण तुमच्या पुढ्यातला माईक चालू होता, प्रल्हादराव."

त्या खुर्ची ओढून पुढे सरकल्या.

"हे तिथं सांगाल? मंडपात, सगळ्या बायकांपुढे? मला पद नको, काही नको. फक्त त्या दिवशी मी खरी रडत होते, एवढं त्यांना कळू दे."

मी म्हणालो, "सांगतो."

त्यानंतर आमच्या दोन वार्षिक सभा झाल्या. दोन्हींत माईकपुढे मीच उभा होतो. पहिल्या वर्षी वाटलं, मामाला जाऊन वर्ष व्हायचंय, मामी समोरच बसली आहे, तिच्या देखत कसं बोलायचं. दुसऱ्या वर्षी मामी आजारी होती, आली नव्हती; तरी मी अहवाल वाचला, आभार मानले आणि खाली बसलो. सोनाबाई आता पार थकल्या आहेत. पुढच्या सभेला त्या असतील की नाही कोण जाणे. हे सगळं मी इथं लिहू शकलो याचं फार कौतुक नको. आमच्या बायका हे वाचणार नाहीत, आणि ते मला ठाऊक आहे.

ताईंचा दर दिवाळीला फोन येतो. पीक कसं आहे, पाऊस किती झाला, आणि मग, सभा कशी झाली. "चांगली झाली," मी म्हणतो. त्या थोडं थांबतात. मीही थांबतो. मग त्या माझ्या आईची तब्येत विचारतात.